बेसमेंट जॅक्सच्या गाण्यांत गातं कोण?

मा. संपादक,
स. न. वि. वि.

आपल्या रविवार पुरवणीत ब्रिटिश हाऊस संगीतावर, म्हणजे क्लबमध्ये नाचण्यासाठी यंत्राच्या ठेक्यावर बांधलेल्या संगीतावर लेख आला, याचा आनंद झाला. मराठी दैनिकांत या विषयाला जागा क्वचितच मिळते. मात्र लेखात बेसमेंट जॅक्सचा उल्लेख ‘लंडनची डीजे जोडी’ एवढ्यावरच संपला. मिरवणुकीतल्या भिंतींमुळे आपल्याकडे डीजे या शब्दाला जो अर्थ चिकटला आहे, तो पाहता वाचकाला यातून काहीच कळत नाही. फीलिक्स बक्स्टन आणि सायमन रॅटक्लिफ रेकॉर्ड वाजवतात हे खरं, पण त्यांची कारकीर्द उभी आहे ती गाणी रचण्यावर आणि ध्वनिमुद्रित करण्यावर. त्यांच्या बहुतेक गाजलेल्या गाण्यांत मुख्य आवाज त्या दोघांचा नसतो. तो कोणाचा, हे लेखात यायला हवं होतं.

1994 साली दक्षिण लंडनच्या ब्रिक्स्टनमध्ये दोघांनी सुरुवात केली आणि ‘अटलांटिक जॅक्स’ हे स्वतःचं लेबलही, म्हणजे तबकड्या काढणारी कंपनीही काढली. कॅरिबियन वस्ती, रेगे या जमैकन संगीताच्या साउंड सिस्टीम, शिकागो-न्यूयॉर्कहून येणाऱ्या बारा इंची तबकड्या, लॅटिन ठेके हे सगळं तिथे एकाच गल्लीत ऐकू येत होतं. ‘सांबा मॅजिक’ आणि ‘फ्लाय लाइफ’ या सुरुवातीच्या तबकड्यांत ते मिश्रण आहेच. पुढे एक्सएल रेकॉर्डिंग्जने 1999 मध्ये ‘रेमेडी’ हा पहिला अल्बम काढला आणि ‘रेड अलर्ट’, ‘रॉन्देव्हू’ ही गाणी ब्रिटनच्या विक्री-यादीत पहिल्या पाचांत गेली.

ही गाणी बनतात कशी, ते सांगितल्याशिवाय ‘बटण दाबलं की वाजतं’ हा समज जाणार नाही. हाऊसची लय साधारण मिनिटाला 120 ते 130 ठोके. 125 धरली तर एक मात्रा 0.48 सेकंदाची आणि चार मात्रांचं आवर्तन 1.92 सेकंदांचं. किक (मोठ्या ड्रमचा खालचा ठोका) चारही मात्रांवर, क्लॅप (टाळीचा आवाज) दुसऱ्या आणि चौथ्या मात्रेवर, उघडी हाय-हॅट (झांजेची जोडी) दोन मात्रांच्या बरोबर मधे. आपल्या तीनतालात समेवर टाळी असते. इथे समेवर फक्त किक पडते, टाळी तिच्यानंतर येते, आणि म्हणून अंग पुढे ओढलं जातं.

एवढंच यंत्रावर मांडलं तर ठेका कोरडा वाजतो. त्याला झोल येतो तो पाव मात्रेच्या जागा सरकवल्यावर. 125 च्या लयीत पाव मात्रा 120 मिलिसेकंदांची. दर जोडीतला दुसरा ठोका 120 ऐवजी सुमारे 139 मिलिसेकंदांवर टाकला, म्हणजे यंत्राच्या भाषेत स्विंग 58 टक्के ठेवला, की ठेका डुलायला लागतो. 66 टक्क्यांवर तो थेट तिस्र जातीचा वाटतो. गडबड होते ती जुन्या तबकडीवरून घेतलेला लूप, म्हणजे पुन्हा पुन्हा फिरणारा तुकडा, त्याच्यावर चढवताना. त्या लूपमधल्या माणसाने स्वतःच्या हाताचा झोल वाजवलेला असतो. तो 120 वर आणि यंत्र 139 वर असेल, तर 19 मिलिसेकंदांच्या फरकाने ठोका जाडसर, दुहेरी ऐकू येतो आणि सगळा ताल चिखलात गेल्यासारखा होतो. त्यावर उपाय एकच. लूप अखंड वाजवायचा नाही. त्याचे ठोक्याठोक्याला तुकडे करायचे आणि प्रत्येक तुकडा आपल्या ठेक्याच्या जागेवर नव्याने वाजवायचा.

सुराचा प्रश्न याहून अवघड. जुन्या सॅम्पलरवर, म्हणजे ध्वनीचे तुकडे साठवून वाजवणाऱ्या यंत्रावर, तुकड्याची गती वाढवली की त्याची पट्टीही चढते. 110 च्या लयीतला तुकडा 125 वर आणला तर तो दोन सेमिटोन (सेमिटोन म्हणजे पेटीवरच्या लगतच्या दोन पट्ट्यांमधलं अंतर) आणि वर आणखी एक-पंचमांश सेमिटोन चढतो. म्हणजे काळी एकमधलं गाणं काळी दोनच्याही जरा वर जाऊन बसतं. त्याच्यासोबत कीबोर्ड नेहमीच्या पट्टीत वाजवला तर बेसूर लागणारच. मग एक तर बाकीची सगळी वाद्यं तेवढीच वर लावायची, नाही तर तुकडा अगदी थोडा हळू करून बरोबर काळी दोनवर आणायचा आणि गाण्याची लयच त्याला जुळवून घ्यायची. हे कानाने ठरवायचं काम आहे आणि त्यात तास जातात.

बेसमेंट जॅक्सची खरी ओळख म्हणजे गर्दी. ओरडणं, शिट्ट्या, ब्रास (ट्रम्पेटसारखी पितळी वाद्यं), गिटार, तीन-चार आवाज, सगळं एकदम. इतके थर एकमेकांवर चढले की मधल्या पट्ट्यातले सूर एकमेकांना झाकतात आणि खाली किक आणि बास एकाच जागेसाठी भांडतात. म्हणून किक पडली की बासचा आवाज क्षणभर दाबायचा आणि पुढची मात्रा यायच्या आत पुन्हा वर आणायचा. परत यायला उशीर झाला तर बास कायमच खाली राहतो आणि गाणं पोकळ वाटतं. गाणं तबकडीवर कोरायचं असेल तर खोल बास दोन्ही बाजूंना सारखा, म्हणजे मोनो, ठेवावा लागतो. तसं केलं नाही तर सुई खोबणीतून उडते. इतक्या गर्दीतही ‘रॉन्देव्हू’मधली स्पॅनिश वळणाची गिटार स्वच्छ ऐकू येते. आमच्या मते या जोडीचं सगळ्यात मोठं कसब तेच.

2001 च्या ‘रूटी’ या अल्बमचं नाव त्यांच्या ब्रिक्स्टनमधल्या क्लब-रात्रीवरून आलं. त्यातल्या ‘रोमिओ’त गाते ब्रिटिश गायिका केली ल रॉक. त्या गाण्याचा व्हिडिओ हिंदी सिनेमाच्या धाटणीचा आहे, एवढा जवळचा धागा तरी लेखात यायला हवा होता. ‘व्हेअर्स युअर हेड ॲट’मधली ती दणकट सिंथची (इलेक्ट्रॉनिक कीबोर्डची) ओळ ब्रिटिश गायक गॅरी न्यूमनच्या 1979 च्या ‘एम. ई.’मधली आहे आणि श्रेयनामावलीत न्यूमनचं नाव आहे. इथे व्यवहाराचाही भाग येतो. सॅम्पल, म्हणजे दुसऱ्याच्या ध्वनिमुद्रणातला तुकडा, घ्यायचं तर दोन परवानग्या लागतात, एक मूळ ध्वनिमुद्रणाच्या मालकाची आणि दुसरी रचनाकाराची. तुकडा स्वतः नव्याने वाजवला तर पहिली टळते, दुसरी टळत नाही. नवे संगीतकार नेमके इथेच फसतात आणि गाणं चालू लागल्यावर त्यांचे पैसे हातातून जातात.

2003 चा ‘किश कॅश’ तर जवळजवळ पाहुण्यांचाच अल्बम. ‘गुड लक’मध्ये द बेलरेज या रॉक बँडची लिसा केकाउला, ‘लकी स्टार’मध्ये रॅपर डिझी रास्कल, ‘सिश कॅश’मध्ये पंक रॉकच्या काळातली गायिका सूझी सू, ‘प्लग इट इन’मध्ये ‘एनसिंक’ या पॉप गटाचा जेसी शाझे. इतक्या वेगळ्या गळ्यांना एका ठेक्यावर बसवायचं तर आधी प्रत्येकाची पट्टी ठरवावी लागते आणि मागचे थर त्या गळ्याला जागा देतील असे कापावे लागतात. केकाउलाचा आवाज मोकळा सुटलेला असतो तेव्हा मधल्या पट्ट्यात दुसरं काही टिकूच शकत नाही. ग्रॅमीने 2005 मध्ये इलेक्ट्रॉनिक/डान्स अल्बमचा पुरस्कार पहिल्यांदाच ठेवला आणि तो याच अल्बमला मिळाला. ब्रिट पुरस्कारांत सर्वोत्तम ब्रिटिश डान्स कलाकार म्हणून 2002 आणि 2004 असा दोनदा त्यांचा मान झाला.

2005 मध्ये आजारपणामुळे पॉप गायिका कायली मिनोगला ग्लास्टनबरी या इंग्लंडमधल्या संगीत महोत्सवातून माघार घ्यावी लागली, तेव्हा रविवारची शेवटची मैफल याच जोडीने केली, गायक-गायिकांचा ताफा मंचावर घेऊन. पुढे ‘क्रेझी इच रेडिओ’ (2006), ‘स्कार्स’ आणि ‘झेफर’ (दोन्ही 2009) आणि ‘जुंटो’ (2014) आले. यांत पहिल्या तीन अल्बमांची धार आम्हाला सगळीकडे जाणवत नाही. 2011 मध्ये मात्र दोन वेगळी कामं झाली. दक्षिण लंडनमध्येच घडणाऱ्या ‘अटॅक द ब्लॉक’ या चित्रपटाचं संगीत त्यांनी स्टीव्हन प्राइससोबत केलं, आणि नेदरलँड्सच्या मेट्रोपोल ऑर्केस्ट्रासोबत आपली गाणी नव्याने वाजवली. व्हायोलिनचा सूर किकसारखा एका क्षणात उभा राहत नाही, गज ओढल्यावर तो भरत जातो. त्यामुळे यंत्रावरचे तुटक सूर तसेच्या तसे व्हायोलिनला दिले तर ते मागे पडल्यासारखे वाटतात. ठोक्याची कामं ब्रास आणि तालवाद्यांकडे द्यायची आणि व्हायोलिनना लांब ओळी द्यायच्या, अशी वाटणी करावी लागते.

नाट्यपद छापताना आपण गायक, चाल कोणाची, मूळ चीज कोणती हे देता. हाऊसच्या गाण्यालाही तेच द्या: गायक, सॅम्पलचं मूळ गाणं, साल आणि लेबल. चौकटीत चार ओळी पुरतात. आणि वाचकांना ऐकायला सांगाल तेव्हा मोबाइलच्या स्पीकरवर ऐकू नका, असंही जरूर लिहा. त्या स्पीकरमधून खालचे सूर जवळपास येतच नाहीत, म्हणजे किक आणि बास दोन्ही गायब. साध्या वायरच्या हेडफोनवर ‘रेमेडी’ पहिल्यापासून ऐकायला घ्यावा.

आपले नियमित वाचक,
पुणे