धोक्याची बातमी नुसती विकत घेऊन भागणार नाही

प्रति,
मा. मंत्री महोदय,
माहिती तंत्रज्ञान खाते

विषय: क्लाउडवरच्या थ्रेट इंटेलिजन्स प्लॅटफॉर्मची खरेदी आणि हल्ल्याची माहिती इतरांना कळवणाऱ्या संस्थांना संरक्षण

सविनय नमस्कार.

मी गेली अकरा वर्षं एका सिक्युरिटी ऑपरेशन्स सेंटरमध्ये, आमच्या भाषेत एसओसीत, शिफ्टमध्ये काम करते. पडद्यावर अलर्ट येतात. त्यातला खरा कुठला आणि खोटा कुठला हे पाहायचं, खरा असला तर मशीन नेटवर्कपासून तोडायचं आणि पुढच्या माणसाला झोपेतून उठवायचं, हे माझं काम. लहानमोठ्या सगळ्या संस्थांनी क्लाउडवरचे थ्रेट इंटेलिजन्स प्लॅटफॉर्म, म्हणजे हल्ल्यांच्या खुणा जगभरातून गोळा करून सगळ्यांना पुरवणाऱ्या ऑनलाइन सेवा, घ्यावेत असा आग्रह आता सगळीकडे धरला जातोय. तो आग्रह योग्यच आहे, मी रोज त्याच प्लॅटफॉर्मवर विसंबून काम करते. पण त्या खरेदीच्या निविदेत जी एक गोष्ट कधीच नसते आणि जी फक्त आपल्यालाच करता येण्यासारखी आहे, तिच्यासाठी हे पत्र.

आधी हे प्लॅटफॉर्म का लागतात, ते सांगते. डिसेंबर २०२१ मध्ये लॉगफोरजे नावाच्या एका छोट्या, पण अक्षरशः हजारो सॉफ्टवेअरांच्या पोटात बसलेल्या लायब्ररीत (तयार कोडच्या संचात) भोक सापडलं. आम्ही घाईघाईने फायरवॉलवर नियम लावला: विनंतीत 'जेएनडीआय' ही या हल्ल्यात येणारी अक्षरं दिसली की अडवा. काही तासांत हल्लेखोरांनी तीच अक्षरं तोडून, मध्ये भलतीच चिन्हं घालून पाठवायला सुरुवात केली. नियम बदलला, त्यांनी मांडणी बदलली. स्कॅन करणाऱ्या मशीनचे आयपी पत्ते तर दर तासाला नवे. हाताने यादी बनवून मेलने पाठवायचे दिवस त्या आठवड्यात संपले. जगाच्या दुसऱ्या टोकाला कुणाला तरी नवी मांडणी दिसली की ती प्लॅटफॉर्मवर चढायची आणि तिथून आमच्या उपकरणांवर उतरायची. स्वतःच्या सर्व्हररूममध्ये बसवलेल्या आणि आठवड्यातून एकदा अद्ययावत होणाऱ्या यंत्रणेला हा वेग झेपला नसता. लहान संस्थेला तर स्वतःचं संशोधन पथक परवडतच नाही. तिच्यासाठी क्लाउड हाच मार्ग आहे.

पण 'कुणाला तरी दिसलं' हे शब्द मी आत्ता सहज लिहून गेले, आणि सगळी गोम तिथेच आहे. प्लॅटफॉर्म स्वतः काही पाहत नाही. कुणावर तरी हल्ला होतो, कुणीतरी तो ओळखतो आणि त्यातलं काहीतरी सांगतो, तेव्हा कुठे माझ्या पडद्यावर ओळ उमटते. सांगणारा गप्प बसला तर कितीही महागडं सबस्क्रिप्शन घेतलं तरी ती ओळ येणार नाही.

तीन वर्षांपूर्वीची एक रात्र सांगते. पहाटे सव्वादोनला लेखा विभागातल्या एका लॅपटॉपवर अलर्ट आला. बिल म्हणून आलेली फाईल कुणीतरी उघडली होती, आणि आतली स्क्रिप्ट एका डोमेनकडे जायला बघत होती. डोमेनची नोंदणी चारच दिवसांपूर्वीची. प्लॅटफॉर्मवर शोधलं, काहीच नाही. दुसऱ्या प्लॅटफॉर्मवर शोधलं, तिथेही काहीच नाही. म्हणजे ते बहुधा आम्हालाच पहिल्यांदा दिसत होतं. लॅपटॉप नेटवर्कपासून तोडला, लॉग (मशीनवरच्या घडामोडींच्या नोंदी) काढले, इतर कुठे पसरलंय का ते तपासलं. सुदैवाने पसरलं नव्हतं. शिफ्ट संपायच्या आधी मी चौदा ओळींची टीप लिहिली: डोमेन, दोन फाईलींचे हॅश (फाईलच्या मजकुरावरून काढलेले, तिच्या बोटाच्या ठशासारखे आकडे), मेलचा विषय, आणि पुन्हा सुरू होता यावं म्हणून तो मालवेअर जे शेड्युल्ड टास्क तयार करत होता त्याचं नाव. संस्थेचं नाव नाही, कुणा माणसाचं नाव नाही. वर 'टीएलपी ग्रीन' लिहिलं. टीएलपी म्हणजे माहिती किती दूर जाऊ द्यायची हे सांगणारी रंगांची पद्धत, जगभरातली प्रतिसाद पथकं ती पाळतात. ग्रीन म्हणजे आपल्या क्षेत्रातल्या लोकांना द्या, जाहीर करू नका.

टीप वर गेली, तिथून विधी विभागाकडे. दोन दिवसांनी उत्तर आलं की ही माहिती बाहेर देणं म्हणजे आपल्यावर हल्ला झाल्याची कबुली दिल्यासारखं होईल. उद्या नियामकाने विचारलं, ग्राहकाने दावा लावला, तर हाच कागद पुढे येईल. टीप गेली नाही.

एकोणीस दिवसांनी तेच डोमेन प्लॅटफॉर्मवर आलं. आमच्याच क्षेत्रातल्या एका संस्थेचे सर्व्हर लॉक झाल्यानंतर ती नोंद झाली होती. शेड्युल्ड टास्कचं नाव अक्षर न अक्षर तेच.

विधी विभागाला मी दोष देत नाही. त्यांचं काम संस्थेला वाचवण्याचं, आणि आज आहेत त्या नियमांत गप्प बसणं हाच त्यांना सुरक्षित रस्ता दिसतो. तो रस्ता बदलणं माझ्या हातात नाही, त्यांच्याही नाही. आपल्या आहे.

सांगितल्याने काय होतं याचं उदाहरण जगापुढे आहे. ८ डिसेंबर २०२० रोजी फायरआय या सुरक्षा कंपनीने आपल्यावरच हल्ला झाल्याचं जाहीर केलं. दुसऱ्यांचं रक्षण करणाऱ्या कंपनीला हे सांगायला किती जड गेलं असेल! पाच दिवसांनी त्यांनी मूळ कारणही उघड केलं: सोलरविंड्सच्या ओरायन सॉफ्टवेअरच्या अधिकृत अपडेटमध्येच मागचं दार बसवलेलं होतं. ओळखायच्या खुणा त्यांनी सगळ्यांसाठी मोफत ठेवल्या. तो अपडेट सुमारे १८,००० ग्राहकांपर्यंत पोचला होता. त्या खुणा हातात आल्यावरच जगभरातल्या विश्लेषकांनी जुने डीएनएस लॉग (कुठल्या मशीनने कुठलं डोमेन शोधलं त्याच्या नोंदी) उघडले आणि आपण सापडलोय का ते शोधलं. दूषित अपडेट मार्च २०२० पासून बाहेर होते, म्हणजे नऊ महिन्यांचे लॉग लागत होते. ज्यांनी तीनच महिन्यांचे ठेवले होते त्यांना उत्तर देता आलं नाही. (लॉग निदान वर्षभर ठेवायची सक्ती करावी ही मागणी याच आठवणीतून करते.)

विमान वाहतुकीने हा प्रश्न फार पूर्वी सोडवलाय. अमेरिकेत १९७६ पासून वैमानिक आपल्या चुका आणि थोडक्यात टळलेले अपघात गोपनीयपणे कळवतात. ते अहवाल घेते नासा, आणि दंड करायचा अधिकार आहे विमान वाहतूक नियामकाकडे. ऐकणारा वेगळा, शिक्षा करणारा वेगळा. म्हणून लोक बोलतात. सायबर सुरक्षेतही अमेरिकेने २०१५ मध्ये दहा वर्षांच्या मुदतीचा कायदा करून, वैयक्तिक माहिती काढून टाकून धोक्याच्या खुणा देणाऱ्या कंपन्यांना दाव्यांपासून संरक्षण दिलं.

माझी पहिली आणि सगळ्यात महत्त्वाची मागणी हीच: तांत्रिक खुणा सद्भावनेने कळवणाऱ्या संस्थेविरुद्ध ती माहिती पुरावा म्हणून वापरता येणार नाही, असं कायद्यात लिहा. निष्काळजीपणाची चौकशी जरूर व्हावी, ग्राहकांचा डेटा गेला असेल तर त्यांना कळवलंच पाहिजे, त्यातून कुणाची सुटका नको. पण त्या चौकशीने स्वतःचे पुरावे स्वतः गोळा करावेत. आणि खुणा स्वीकारणारं पथक दंड करणाऱ्या कार्यालयात बसवू नका.

आता खरेदीबद्दल. निविदांमध्ये 'इतक्या कोटी इंडिकेटर असलेला फीड' (इंडिकेटर म्हणजे खुणा, फीड म्हणजे त्यांची सतत येणारी यादी) अशा अटी वाचते तेव्हा जीव खालीवर होतो. आकड्याने काही होत नाही, घातही होऊ शकतो. मे २०१७ मधला वॉनाक्राय आठवा. तो वर्म (मशीनवरून मशीनवर आपोआप पसरणारा मालवेअर) कामाला लागण्याआधी एका लांबलचक, अर्थहीन डोमेनला हाक मारायचा. तिकडून उत्तर आलं तर थांबायचा, नाही आलं तर पसरायचा. एका संशोधकाने ते डोमेन नोंदवलं आणि लाट ओसरली. ते डोमेन साहजिकच मालवेअरच्या खुणांमध्ये गणलं गेलं, आणि यादीत आलं ते ब्लॉक करायचं ही तर आमची सवय. पण हे डोमेन ब्लॉक करणं म्हणजे वर्मला मोकळं रान देणं होतं. ते करू नका असं तज्ज्ञांना मुद्दाम सांगावं लागलं. संदर्भाशिवायची यादी अशी उलटते. आमच्याकडेही एकदा फीडमधून आलेला एक आयपी आपोआप ब्लॉक झाला. तो शेकडो वेबसाईट मिळून वापरत असलेला पत्ता निघाला आणि अर्धा दिवस लोकांची कामं अडली.

हॅश, आयपी, डोमेन हे हल्लेखोर चुटकीसरशी बदलतात. त्यांची काम करायची पद्धत मात्र लवकर बदलत नाही. सुरक्षा तज्ज्ञ डेव्हिड बियांको यांनी २०१३ मध्ये हे 'पिरॅमिड ऑफ पेन' या नावाने मांडलं आणि आमच्या कामात ते रोज पटतं. माझ्या टीपेतलं टास्कचं नाव डोमेनपेक्षा मोलाचं होतं ते याचसाठी. तेव्हा निविदेत मोजणी इंडिकेटरांची नको. खूण कुणी, कधी, कशावरून दिली, ती शिळी झाल्यावर काढली जाते का, आणि ती मायटर अटॅक या हल्लेखोरांच्या पद्धतींच्या खुल्या सूचीतल्या कुठल्या तंत्राशी जोडली आहे, हे विचारा. माहिती स्टिक्स आणि टॅक्सी या धोक्याची माहिती लिहिण्याच्या आणि पाठवण्याच्या खुल्या मानकांत आत आणि बाहेर, दोन्हीकडे जाऊ शकते का तेही विचारा, नाहीतर करार संपला की सगळी शिदोरी कंपनीकडे राहते. ज्यांना सबस्क्रिप्शन झेपत नाही त्यांच्यासाठी मिस्प हा खुला, मोफत प्लॅटफॉर्म आहे. बेल्जियमच्या संरक्षण खात्यात २०११ मध्ये त्याची सुरुवात झाली. आपल्या खात्याने तो चालवून लहान संस्थांना त्यावर घ्यावं.

एक सावधगिरीही. क्लाउडवर तपासायला टाकलेली फाईल तिथेच राहते. व्हायरसटोटल या फाईली तपासणाऱ्या वेबसाईटवर चढवलेली फाईल त्यांचे पैसे भरणारे ग्राहक उतरवून घेऊ शकतात, हे कित्येक कर्मचाऱ्यांना माहीत नसतं. पगाराची शीटसुद्धा 'व्हायरस आहे का बघू' म्हणून चढवली जाते. २०२३ मध्ये खुद्द व्हायरसटोटलच्याच एका कर्मचाऱ्याकडून सुमारे ५,६०० ग्राहकांची नावं असलेली यादी चुकून तिथे चढली होती. काय चढवायचं आणि काय नुसतं हॅशने शोधायचं याचा एक पानी नियम प्रत्येक संस्थेत हवा.

माणसांबद्दल थोडंच लिहिते, कारण आपल्याला ते ठाऊक असणार. प्लॅटफॉर्मचे पैसे मंजूर होतात आणि तो बघणाऱ्याची जागा रिकामी राहते. प्रत्येक खरेदीसोबत रात्रपाळीची किमान एक जागा मंजूर करा.

त्या पहाटे लिहिलेली चौदा ओळींची टीप अजून माझ्या ड्राफ्टमध्ये आहे. या पत्राला ती जोडावी असं फार वाटलं. ते डोमेन केव्हाच बंद पडलंय, ती देण्याने आता कुणाचंच नुकसान होणार नाही. पण परवानगी मला आजही नाही.

आपली नम्र,
रात्रपाळीची एक सुरक्षा विश्लेषक