डार्विनवर आक्षेप घ्यायचेच तर दमदार घ्या

संपादक साहेब, नमस्कार.

गेल्या आठवड्यात याच सदरात एका वाचकाचं पत्र आलं होतं, डार्विनची उत्क्रांतीची थिअरी (ज्यांच्यात फायद्याचे गुण ते जीव जास्त टिकतात, ही निसर्गाची निवड, आणि तिनेच जीव हळूहळू बदलत जातात) दीडशे वर्षं जुनी झाली, आता शास्त्रज्ञच ती मानत नाहीत, माकडाचा माणूस होताना कुणी बघितलाय का वगैरे. हा शेवटचा मुद्दा जानेवारी 2018 मध्ये औरंगाबादला तेव्हाचे केंद्रीय राज्यमंत्री सत्यपाल सिंह यांनीही मांडला होता (मुंबईचे माजी पोलीस आयुक्त, तेव्हा साक्षीदार मागणारच म्हणा) आणि त्यावर देशातल्या तीन विज्ञान अकादमींना मिळून निवेदन काढावं लागलं होतं. आक्षेप घेतला म्हणून मला राग नाही आला. पण यापेक्षा कितीतरी भारी आक्षेप खुद्द डार्विन जिवंत असताना घेऊन झालेत, त्यांनी तो पार हैराण झाला होता, आणि त्यांचं पुढे काय झालं ते कुणी सांगतच नाही.

1867 मध्ये फ्लीमिंग जेनकिन नावाच्या इंजिनिअरने डार्विनच्या पुस्तकावर लेख लिहिला. हा माणूस समुद्राखालून टेलिग्राफच्या केबल टाकणारा, पण याने बरोबर वर्मावर बोट ठेवलं. त्या काळी बहुतेक सगळेच, डार्विनसुद्धा, समजायचे की आईबापाचे गुण पोरात मिसळून जातात. मग जेनकिन म्हणतो की हजारात एका प्राण्यात काही फायद्याचा बदल आला तरी त्याची जोडी साध्याशीच जमणार, म्हणजे पोरात तो गुण आठ आणे, नातवात चार आणे, पणतवात दोन आणे, असं करत करत संपलाच की, निसर्ग मग निवडणार काय? डार्विनकडे याचं धड उत्तर नव्हतं. 1868 मध्ये त्याने स्वतःची एक कल्पना मांडली, शरीराच्या प्रत्येक भागातून बारीक कण निघतात आणि ते पुढच्या पिढीत जातात अशी, ती साफ चुकली.

गंमत म्हणजे उत्तर 1866 मध्येच छापून झालं होतं. ब्रनोच्या (आजच्या चेक देशातल्या) मठात मेंडेल नावाच्या साधूने हजारो वाटाण्याची रोपं वाढवून दाखवलं होतं की गुण विरघळत नाहीत, एका पिढीत दडून बसले तरी पुढच्या पिढीत जसेच्या तसे वर येतात. (डार्विनच्या कपाटात मेंडेलचा लेख न उघडता पडून होता ही गोष्ट फार फिरते, ती खोटी आहे, तो लेख त्याच्याकडे नव्हताच.) 1900 साली हे काम पुन्हा लोकांसमोर आलं तेव्हा डार्विन जाऊन 18 वर्षं झाली होती, आणि तेव्हा तर मेंडेलवालेच म्हणायला लागले की बदल एकदम उडी मारून होतात, डार्विनचं हळूहळू वगैरे काही खरं नाही! ते भांडण मिटवलं गणिताने. फिशर, हाल्डेन आणि राइट या तीन शास्त्रज्ञांनी 1918 ते 1932 च्या दरम्यान आकडेमोड करून दाखवलं की मेंडेलचे नियम धरले की निवड उलट छान चालते, अगदी थोडासा फायदासुद्धा पिढ्यानपिढ्या साठत जातो.

दुसरा आक्षेप भौतिकशास्त्रज्ञ लॉर्ड केल्विनचा, की इतक्या हळू बदलांना पुरेल एवढं पृथ्वीचं वयच नाही. पृथ्वी म्हणजे थंड होत चाललेला तापलेला गोळा, असं धरून त्याने 1862 मध्ये तिचं वय काढलं 2 ते 40 कोटी वर्षं, नंतर तर ते 2 ते 4 कोटीवर आणलं. इकडे डार्विनने इंग्लंडमधल्या एकाच खोऱ्याची झीज व्हायला 30 कोटी वर्षं लागली असा हिशोब पुस्तकात दिला होता, तो केल्विनच्या आधीच, तिसऱ्या आवृत्तीत, गुपचूप काढून टाकला होता. केल्विनचा हा मुद्दा आपलं मोठं दुखणं आहे असं डार्विनने वॉलेसला (निवडीची हीच कल्पना स्वतंत्रपणे सुचलेला शास्त्रज्ञ) कळवलंय. 1895 मध्ये केल्विनचाच जुना असिस्टंट जॉन पेरी याने दाखवलं की पृथ्वीचं पोट आतून हळूहळू वाहत असेल तर हा सगळा हिशोबच बदलतो, आणि पुढे किरणोत्सर्गी खडकांवरून वय काढता यायला लागलं. आज ते साडेचारशे कोटी वर्षं धरतात.

2023 मध्ये एनसीईआरटीच्या (केंद्राची शालेय पुस्तकं काढणारी संस्था) दहावीच्या पुस्तकातून उत्क्रांतीचा भाग गेला तेव्हा 1800 च्या वर शास्त्रज्ञ, शिक्षकांनी पत्र लिहून विरोध केला. आपल्या राज्य बोर्डाच्या दहावीच्या विज्ञान भाग 2 मध्ये ‘आनुवंशिकता व उत्क्रांती’ हा पहिलाच धडा आहे, चांगली गोष्ट आहे. पण तिथे लॅमार्कचा जिराफ (मान ताणून ताणून लांब झाली आणि ती पोरांतही उतरली, ही डार्विनच्या आधीची कल्पना) मग डार्विन एवढ्यावर भागवू नका, अर्धं पान जेनकिन आणि केल्विनलाही द्या, नाहीतर पोरांना वाटतं एका माणसाने पुस्तक लिहिलं आणि बाकीच्यांनी माना डोलावल्या. आणि जागा उरली तर वरच्या त्या हाल्डेनबद्दलही चार ओळी येऊ द्या, हा माणूस 1957 मध्ये इंग्लंड सोडून कलकत्त्याला आला, पुढे भारताचा नागरिक झाला आणि 1964 मध्ये भुवनेश्वरलाच वारला.

आपला एक नियमित वाचक,
कराड