तालमीच्या खर्चाला अनुदानात जागा द्यावी : सांस्कृतिक कार्यमंत्र्यांना खुले पत्र

मा. सांस्कृतिक कार्यमंत्री यांस,

सप्रेम नमस्कार.

कलांसाठीची सरकारी तरतूद वाढावी, अशी मागणी आपल्याकडे वरचेवर येत असेल, आणि तिला माझाही पाठिंबा आहे. मला मात्र आपले लक्ष ही रक्कम कशावर खर्च होते याकडे वेधायचे आहे.

अनुदानाचा अर्ज आणि त्यानंतर द्यावा लागणारा हिशेब आपण एकदा स्वतः पाहावा. प्रयोगाची तारीख, सभागृहाचे भाडे, प्रेक्षकसंख्या, छायाचित्रे, पावत्या, उपयोगिता प्रमाणपत्र, सगळ्याची नोंद त्यात मागितलेली असते. तालमीचा रकाना बहुधा नसतो. एक प्रवेश बसवताना नट तीच हालचाल पुन्हा पुन्हा करून पाहतात, संवादातला एक विराम कुठे घ्यावा यावर अख्खी संध्याकाळ जाते, आणि असे काम आठवडेच्या आठवडे चालते. तरीही हिशेबाच्या लेखी ते झालेलेच नसते. मानधन मिळते ते प्रयोगाच्या रात्रीचे. तालमीच्या जागेचे भाडे आणि बुडालेली रोजची कमाई ज्याची त्याने सोसायची असते, आणि ज्याला ते झेपत नाही तो कितीही गुणी असला तरी हळूहळू बाजूला होतो. मला सर्वांत जास्त अस्वस्थ करते ते हेच.

विल्यम बोमोल आणि विल्यम बोवेन या अर्थशास्त्रज्ञांनी १९६६ मध्ये कलासंस्थांना पैसा कमी का पडतो याचे मूळ दाखवून दिले. कारखान्यात यंत्र सुधारले की तेच काम कमी माणसांत होते; चौघांनी वाजवायच्या रचनेला मात्र दोनशे वर्षांपूर्वी जितके वादक आणि जितका वेळ लागे, तितकाच आजही लागतो. इतर क्षेत्रांतले वेतन वाढले की कलेचा खर्चही वाढतो, पण तिकिटांचे दर त्या प्रमाणात वाढवले तर प्रेक्षकच तुटतो. म्हणून संस्थेच्या ताळेबंदातली तूट दिसताच तिच्या कारभारावर बोट ठेवणे अन्यायाचे आहे.

श्रमाचा मोबदला देण्याच्या वाटा इतरांनी शोधल्या आहेत. फ्रान्समध्ये रंगमंच कलावंताने बारा महिन्यांत ५०७ तास सवेतन काम केले की तो बेरोजगारी भत्त्यास पात्र ठरतो, आणि त्या तासांत सवेतन तालमीही धरल्या जातात. आयर्लंडने २०२२ मध्ये २,००० कलावंतांना आणि कलाक्षेत्रातील कामगारांना आठवड्याला ३२५ युरो देण्याचा प्रायोगिक उपक्रम सुरू केला. पात्र अर्जदारांतून निवड सोडतीने झाली. या योजना जशाच्या तशा उचलाव्यात असे मी म्हणत नाही, कारण त्यांच्यामागे त्या देशांची करव्यवस्था आणि विमाव्यवस्था उभी आहे.

तालीम खरोखर झाली की नाही हे तपासायचे कसे, असा आक्षेप आपले अधिकारी घेतील. तो रास्त आहे. हजेरीपट, आधी कळवलेले वेळापत्रक आणि त्या कलेतील जाणकारांची अधूनमधून भेट एवढ्यावर ती तपासणी होऊ शकते; छायाचित्रावरून प्रेक्षक मोजण्यापेक्षा ती नक्कीच अधिक विश्वासार्ह ठरेल.

तेव्हा अनुदानाच्या नियमांत तालमीचे मानधन आणि जागाभाडे हा मान्य खर्च धरावा, पहिला हप्ता तालीम सुरू होण्यापूर्वी मिळावा आणि मंजुरी किमान तीन वर्षांसाठी असावी, अशी माझी विनंती आहे. नियमांचा सुधारित मसुदा अंतिम करण्याआधी तो कलावंतांपुढे हरकती व सूचनांसाठी ठेवावा.

आपला,
एक रंगकर्मी