वसुली अधिकाऱ्यांवरचे सूडाचे गुन्हे

महोदय,

मी इचलकरंजीतल्या एका नागरी सहकारी बँकेत ३१ वर्षे नोकरी केली, त्यातली शेवटची नऊ वसुली विभागात. २०१७च्या मार्चमध्ये एका थकबाकीदाराच्या घराचा ताबा घ्यायला गेलो होतो. थकबाकी ३८ लाखांची. कर्ज थकल्यास तारण मालमत्तेचा ताबा बँकेला घेऊ देणाऱ्या सरफेसी कायद्याची साठ दिवसांची नोटीस देऊन झाली होती, कलम १४ खाली जिल्हा दंडाधिकाऱ्यांचा आदेश हातात होता. बरोबर मंडल अधिकारी, दोन पंच, महिला पोलिसांसह बंदोबस्त आणि व्हिडिओ शूटिंगवाला. घरातल्या आजींनी देव्हाऱ्यातले देव मागितले. त्यांनी पितळेचा बाळकृष्ण पदरात गुंडाळून घेईपर्यंत आम्ही सील लावायचे थांबलो. कपाटे घरच्यांनीच रिकामी केली. पंचनाम्यात तशी नोंद आहे आणि खाली कर्जदाराची सही आहे.

अकराव्या दिवशी कर्जदाराने पोलीस तपासाचा आदेश मागणारा अर्ज न्यायालयात केला. आरोप असा, की मी आणि माझ्या शिपायाने कपाटातले सात तोळे दागिने चोरले, सुनेचा हात धरला. पोलीस ठाण्यात गुन्हा नोंदवला गेला. व्हिडिओची सीडी मी स्वतः नेऊन दिली, ती कितीतरी दिवस पाकिटातच पडून होती. अटकपूर्व जामीन मिळेपर्यंतच्या चार रात्री मी बहिणीकडे मिरजेला काढल्या. शेजाऱ्यांनी बायकोला काही विचारले नाही, पण जिन्यात भेटल्यावर ते बोलायचे थांबत, हे तिने मला फार उशिरा सांगितले. दरम्यान निरोप आला : एकरकमी तडजोडीत व्याज सोडा, तक्रार मागे घेतो. तक्रार कशासाठी होती हे त्या एका वाक्यात कळले.

सर्वोच्च न्यायालयाने प्रियंका श्रीवास्तव खटल्यात १९ मार्च २०१५ रोजीच हा प्रकार ओळखला होता. तिथेही वित्तसंस्थेच्या अधिकाऱ्यांवर कर्जदाराने एकामागून एक तक्रारी केल्या होत्या. पोलीस तपासाचा आदेश मागणाऱ्या अर्जासोबत प्रतिज्ञापत्र हवे आणि आधी ठाण्यात व पोलीस अधीक्षकांकडे दाद मागितलेली असावी, असे न्यायालयाने सांगितले. १ जुलै २०२४पासून लागू झालेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या, म्हणजे नव्या फौजदारी प्रक्रिया कायद्याच्या, कलम १७५(३) मध्येही प्रतिज्ञापत्राची अट आली आहे. माझ्याविरुद्धच्या अर्जाला प्रतिज्ञापत्रच नव्हते. त्याच मुद्द्यावर, पण तीन वर्षांनी आणि मुंबईच्या अनेक खेपांनंतर, उच्च न्यायालयाने गुन्हा रद्द केला.

कर्जदाराला दाद मागायला जागा नाही असे नाही. ताबा बेकायदा वाटला तर ४५ दिवसांत कर्जवसुली न्यायाधिकरणात जाता येते. आणि वसुलीच्या नावाखाली गुंड पाठवणाऱ्या, रात्री-अपरात्री फोन करून बायाबापड्यांना धमकावणाऱ्या एजंटांवर गुन्हे दाखल झालेच पाहिजेत. रिझर्व्ह बँकेने सकाळी आठपूर्वी व संध्याकाळी सातनंतर वसुलीचे फोन करायला मनाई केली आहे, ती योग्यच आहे. मी अशा लोकांची बाजू घेत नाही. पण सद्हेतूने केलेल्या कारवाईला सरफेसीच्या कलम ३२ने संरक्षण दिले आहे, त्याचा पोलीस ठाण्यात कुणी विचारही करत नाही.

सर्वोच्च न्यायालयाच्या ललिताकुमारी निकालाने (२०१३) व्यापारी व्यवहारातल्या तक्रारींत गुन्हा नोंदवण्याआधी प्राथमिक चौकशीला मुभा दिली आहे. ताब्याच्या कारवाईतून आलेल्या तक्रारीत त्या चौकशीत आधी पंचनामा आणि चित्रीकरण पाहावे, पंचांना व बंदोबस्तावरच्या पोलिसांना विचारावे. एका दिवसाचे काम आहे. तक्रार खरी असेल तर तीही त्यातच दिसेल.

आणि बँकांच्या संचालक मंडळांना विनंती आहे. कामावर पाठवलेल्या माणसाचा वकील बँकेने द्यावा. आमच्या वेळी ‘वैयक्तिक आरोप’ म्हणून हात वर केले गेले. माझी भविष्य निर्वाह निधीची रक्कम होती, मी निभावले. त्या शिपायाचे लग्न होऊन आठ महिने झाले होते. वकिलाची फी त्याने बायकोच्या पाटल्या मोडून भरली.

– एक निवृत्त वसुली अधिकारी, इचलकरंजी