बाबांना, फिलाडेल्फियाहून

ती. बाबांस,
सा. न. वि. वि.

दादाच्या इकडे येऊन शिल्पकाम करण्याचा विषय निघाला की फोनवर तुमचा आवाज चढतो आणि आई फोन काढून घेते, म्हणून सरळ पत्रच लिहितेय. “परमुलखात पुतळे घडवून कुणाचं पोट भरलंय?” असं तुम्ही परवा विचारलंत. एका माणसाचं भरलं, त्याची हकीकत सांगते. दादाने यायचं की नाही ते मग तुम्ही दोघं ठरवा.

इथे शहराच्या मधोमध सिटी हॉल आहे, म्हणजे आपली महापालिकाच. बांधकाम १८७१ ला सुरू झालं ते १९०१ ला संपलं (हे सगळीकडे सारखंच!). उंची ५४८ फूट, आणि अगदी टोकाला विल्यम पेनचा ब्राँझचा पुतळा. पेन म्हणजे हे शहर वसवणारा. पुतळा सुमारे ३७ फूट उंच, वजन २४ टनांच्या आसपास. घडवणारा अलेक्झांडर मिल्न कॉल्डर, स्कॉटलंडमधल्या ॲबरडीनचा. बाप थडग्यांचे दगड कोरायचा. पोरगं छिन्नीच्या आवाजातच वाढलं, लंडनला अल्बर्ट मेमोरियलवर कोरीव कामाला लागलं आणि १८६८ मध्ये, विशी ओलांडते न ओलांडते तोच, इथे आलं. इथल्या आर्ट अकॅडमीत शिकला, आणि १८७३ पासून सिटी हॉलचं काम हाती आलं ते पुढची वीस वर्षं पुरलं.

वीस वर्षं एकच इमारत, बाबा! अडीचशेच्या वर शिल्पं. आधी मातीत, मग प्लास्टरमध्ये, मग कारागिरांनी ती दगडात उतरवायची. दक्षिणेकडच्या दारात त्याने मांजरं आणि उंदीर कोरलेत. मान वर करून शोधावे लागतात, पण कोपऱ्यात टपून बसलेल्या मांजराची पाठ अशी ताणलेली आहे की घडवणाऱ्याने घरी मांजर पाळलं असणार, पैज लावते. प्रतीकं म्हणून घडवलेल्या मोठमोठ्या बायका आणि देवदूत मला एकाच साच्यातले वाटतात. मांजरं मात्र जिवंत आहेत.

पेनचा पुतळा टॅकोनी भागातल्या कारखान्यात तुकड्यातुकड्यांनी ओतला. सिटी हॉलच्या अंगणात तो काही काळ उभा होता, लोक जवळून बघून जायचे. १८९४ मध्ये वर चढवला. आणि इथे कॉल्डरला जो घाव बसला तो तुमच्याइतका कुणाला कळणार नाही. त्याला पुतळ्याचं तोंड दक्षिणेला हवं होतं, म्हणजे दिवसभर चेहऱ्यावर ऊन राहिलं असतं. बसवला ईशान्येकडे तोंड करून. पेनने मूळच्या लेनापे लोकांशी तह केला ती जागा त्या बाजूला, असं कारण सांगतात. कारण काही का असेना, दुपारनंतर चेहरा काळोखात. मी बघते तेव्हा टोपीची कड आणि अंगरख्याचा घेर तेवढा दिसतो. त्या तालुक्याच्या गावी तुम्ही उजेडाचा हिशेब करून डोळ्यांच्या खोबणी खोल घेतल्या होत्या आणि समितीने ऐनवेळी चौथराच फिरवला, तेव्हा तुम्ही दोन दिवस जेवला नव्हतात. तसंच हे, फक्त पाचशे फुटांवर.

त्याच्या टोपीपेक्षा उंच बांधायचं नाही असा इथे अलिखित करार होता. १९८७ मध्ये एका टॉवरने तो मोडला, आणि त्यानंतर इथल्या संघांना विजेतेपदच मिळेना. लोक म्हणायचे, पेनचा शाप! २००७ मध्ये आणखी उंच इमारत झाली तेव्हा कामगारांनी सगळ्यात वरच्या तुळईवर पेनची छोटी मूर्ती लावली. पुढच्याच वर्षी बेसबॉलचा संघ जिंकला. अमेरिकनांना आपण उगाच नास्तिक म्हणतो.

कॉल्डरचा मुलगाही शिल्पकार झाला. पार्कवे नावाच्या रस्त्यावर त्याचं १९२४ चं कारंजं आहे, इथल्या तीन नद्यांच्या आकृत्यांचं. नातू तर जगभर गाजला, तो तारांवर तरंगणारे पत्रे करायचा. त्याचं एक काम इथल्या म्युझियमच्या जिन्यावर टांगलंय. म्हणजे एका स्थलांतरिताच्या तीन पिढ्या एकाच सरळ रेषेत दिसतात.

सिटी हॉलच्या समोर रस्ता ओलांडला की कपडे वाळत घालायचा चिमटा उभा आहे. हसू नका, ४५ फुटी आहे! क्लेस ओल्डनबर्ग नावाच्या माणसाचा, १९७६ चा. तोही बाहेरचाच, जन्म स्वीडनचा. पोलाद असं निवडलंय की वरचा गंजच त्याचं संरक्षण करतो, रंग द्यायची कटकट नाही. मला आधी चीड आली होती. आता त्या दोन फळ्या एकमेकींना बिलगलेल्या दिसतात आणि आवडतो. तुम्हाला आवडणार नाही. हा चिमटा आला तो इथल्या नियमामुळे: पुनर्विकासाच्या जमिनीवर बांधणाऱ्या बिल्डरने खर्चाचा किमान एक टक्का कलेवर घालायचा. १९५९ पासून आहे.

आता दादाचं. इथे काम जाहिरातीतून निघतं. आधी जुन्या कामाचे फोटो मागवतात, मग निवडक तिघाचौघांना थोडे पैसे देऊन छोटं मॉडेल करायला सांगतात. आकडा डोळे दिपवणारा असतो, पण त्यातून इंजिनियर, पाया, वाहतूक, विमा, फाउंड्री सगळं भागवायचं. शिल्पकाराच्या हाती उरतं ते शेवटी. शिवाय नवख्याला, जुनं सार्वजनिक काम नसताना, कोणी विचारत नाही. तेव्हा पहिल्या दिवसापासून स्वतःच्या नावाचा पुतळा हे स्वप्न त्याने तिथेच ठेवून यावं. छोट्या मॉडेलवरून पुतळा मोठा करून देणाऱ्या आणि ओतकाम करणाऱ्या कार्यशाळांत मात्र हातात कसब असलेला माणूस लागतो. छोटं मॉडेल स्कॅन करून मशीन फोममध्ये मोठं कापतं, पण वरची माती लावायला आणि चेहरा जिवंत करायला हातच लागतो. इथून तासाभरावर न्यू जर्सीत ‘ग्राउंड्स फॉर स्कल्प्चर’ म्हणून मोठी शिल्पबाग आहे. आला तर आधी तिथे नेईन.

व्हिसाचं सोपं नाही. कलाकारांसाठी वेगळा असतो, पण त्याला बक्षिसं, छापून आलेले लेख, मोठ्या माणसांची पत्रं असा पुरावा लागतो. दादाकडे आज एवढं नाही, हे त्याला तुम्हीच सांगा, माझं ऐकत नाही. दोन वर्षं तुमच्याबरोबर ब्राँझवर काढली आणि प्रत्येक टप्प्याचे फोटो ठेवले, तर अर्ज करण्याजोगं काहीतरी होईल. सांगाड्याचे, मेणाचेसुद्धा फोटो घ्यायला सांगा. तो फक्त पॉलिश झालेल्या मूर्तीचे घेतो, आणि त्यावरून इथे काहीच कळत नाही.

फायबर घासताना मास्क लावताय ना? मागच्या वेळी पाठवलेले संपले असतील तर आईकडून कळवा. चिमट्याचा आणि मांजरांचा फोटो सोबत आहे.

तुमची,
धाकटी