दुसरं घड्याळ

प्रिय चिमू,

अनेक आशीर्वाद.

तू निघालीस तेव्हा मी दारापर्यंत आलो नाही. तू दोनदा मागे वळून पाहिलंस, असं आत्या म्हणाली. परवा रात्री जे बोललो ते बोलायचं नव्हतं. काठावरच्या खुंट्यावर जायला तू अजून लहान आहेस, हे तर मुळीच नाही. तुझ्या वयात मी तिथेच होतो.

या पत्रात कामाचं काही लिहायचं नाही, असं ठरवून बसलोय. फक्त एक विचारतो. तिथलं दुसरं घड्याळ चालू आहे ना?

तुला सगळं माहीत आहे, तरी लिहितो. एकट्या घड्याळाला ढळ, म्हणजे निसर्गाच्या नियमांचं सरकणं, कळत नाही. सीझियमची ९,१९,२६,३१,७७० आंदोलनं म्हणजे एक सेकंद, ही १९६७ सालची व्याख्या. पण अणूच आतून सरकला, तर सेकंदही त्याच्याबरोबर सरकतो आणि तबकडीवर सगळं आलबेल दिसतं. शेजारी वेगळ्या जातीचा अणू हवा. त्याच ढळीने तो कमी-जास्त सरकतो, म्हणून दोघांचं गुणोत्तर बिघडतं. ही ढळ आवरणारा खुंटा चालतो तो त्या गुणोत्तरावर. ते मिळालं नाही, तर कड्यांना कुठल्या बाजूला आणि किती जोर लावायचा हे त्याला कळणार कसं? २००८ साली अॅल्युमिनियम आणि पारा यांच्या आयनांची घड्याळं अशीच ताडून पाहिली होती. तेव्हा वर्षाकाठी होणारा बदल दशांश चिन्हानंतर सोळाव्या घरापर्यंत शून्य होता. किती निवांत जग होतं ते! आता तिसऱ्या घरात हालचाल दिसली तरी पाळीवरची माणसं जेवण सोडून उठत नाहीत. उठायला हवं. तू ऊठ.

बघ, व्याख्यान सुरू झालं. माफ कर.

तू नऊ वर्षांची असताना तापात पडली होतीस, ते आठवतं? रात्रभर एकच गोष्ट पुन्हा पुन्हा सांगायला लावलीस, गॅबॉनमधल्या ओक्लोच्या खाणीची. १९७२ साली तिथल्या युरेनियममध्ये २३५ हा प्रकार ०.७२० टक्के असायचा तो ०.७१७ टक्के निघाला. तेवढ्याशा तुटीवरून माग काढत गेले, तर सुमारे २०० कोटी वर्षांपूर्वी जमिनीखाली अणुभट्टी आपली आपणच पेटलेली! मागे उरलेल्या समेरियमवरून हेही कळलं, की तेव्हाचे नियम जवळजवळ आपल्यासारखेच होते. तू डोळे मिटूनच विचारलंस, "म्हणजे दगडाला आठवतं?" आणि मग, "इतकी वर्षं हललं नाही, तर आत्ताच का हलायला लागलं?" मी म्हटलं, झोप आता. उत्तर तेव्हाही नव्हतं. तुझी आई असती तर काहीतरी नीट सांगितलं असतं.

तुझ्या दुरुस्तीनंतर तिथली कडी दचकायची थांबली, हे मला तू सांगितलं नाहीस, जुन्या सोबत्याकडून कळलं. तो कागद मागवून तीनदा वाचला. शेवटची दोन पानं माझ्या डोक्यावरून गेली आणि त्याचाच आनंद जास्त झाला. आत्याला वाचून दाखवली. तिलाही कळली नाहीत, पण तिने ती दादाच्या फोटोमागे जपून ठेवली आहेत.

परवा तू सहज म्हणालीस, "एखादं बंद पडलं तरी चालवून घेतात, बाबा." तिथे माझा आवाज चढला.

नानाकाकाचं तुला जे सांगत आलो ते खरं आहे, पण पुरतं नाही. दुसरं घड्याळ दुरुस्तीला गेलं होतं आणि एका पाळीपुरती एकट्या घड्याळावर आत जायची परवानगी 'दिली गेली', असं मी सांगतो. ती मी दिली. त्या दिवशी पाळीप्रमुख मी होतो, सही माझी आहे. नाना म्हणाला होता, "अर्धा तास थांबू या का?" मी म्हटलं, काय होतंय. नंतर त्याचं घड्याळ बाहेर काढलं, तेव्हाही ते अगदी बरोबर चालत होतं. आजीने मला कधी विचारलं नाही. तू विचारलंस तर सांगेन, पण समोर बसून. पत्रात याहून जास्त जमत नाही.

वरिष्ठ कितीही घाईत असोत, एकट्या घड्याळावर आत जाऊ नकोस. तुला भित्री म्हणाले तर म्हणू देत. आणि सही तुला करायची असेल, तर दुसऱ्याला पाठवू नकोस. हे दोन्ही तुला कळतं हे मला कळतं, तरी लिहून झालं.

तुझ्या पिशवीत तळाशी, मोज्यांच्या खाली, माझा वर्णपटदर्शक ठेवलाय. सोडियमच्या दिव्याकडे धरलास की पिवळ्या दोन रेषा दिसतील, ५८९.० आणि ५८९.६ नॅनोमीटरच्या. त्यांच्यातलं अंतर नेहमीपेक्षा वेगळं वाटलं तर मागे फिर. ढळ खूपच मोठी असेल तरच डोळ्यांना दिसेल, म्हणजे घड्याळाची जागा तो घेऊ शकत नाही. तरी जवळ असू दे. त्याची फट उघडताना डावीकडे अर्धा आटाच फिरव, त्यापुढे अडकते.

तुझे,
बाबा