सनद जमा करण्याआधी

नाशिक
रविवार रात्र

प्रिय सुध्या,

पत्र बघून हसशील. पण फोन केला की तू "थांब, टीव्ही बंद करतो" म्हणत जातोस आणि परत येईपर्यंत माझा धीर सुटतो. म्हणून लिहितोय. तब्येत बरी, शुगर आहे तिथंच, शैलाची पाठ अधूनमधून. झालं.

विजेचे दर ठरवणाऱ्या राज्य वीज आयोगाच्या सदस्यपदासाठी मी अर्ज टाकला होता. शैलाशिवाय कुणाला बोललो नव्हतो, तुलाही नाही, कारण तू वहिनींना सांगितलं असतंस आणि मग सगळ्या गंगापूर रोडला कळलं असतं. आता निवड समितीनं भेटायला बोलावलंय. एका जागेसाठी समिती दोन नावं सरकारकडे पाठवते, तेव्हा अजून कशात काही नाही. पण आठवतं ना, २०१८ साली सुप्रीम कोर्टानं गुजरातच्या प्रकरणात सांगून टाकलं की राज्य आयोगात कायद्याचा माणूस हवाच. मी बार रूममध्ये पेढे वाटले होते. (चहा पाजला होता. पेढे वाटायला मी काय सातपूरचा कारखानदार?) तू तेव्हा म्हणालास, आता आयोगातही तारखाच पडणार.

वीज कायद्याचं कलम ८९ तू वाचलं नसशील. मुदत पाच वर्षं, वयाची मर्यादा पासष्ट, त्याच पदावर दुसरी खेप नाही. उतरल्यावर दोन वर्षं कुठल्या कंपनीत चिकटायचं नाही. इथवर ठीक. पण पुढं असंही आहे की केंद्राच्या किंवा कुठल्याही राज्याच्या आयोगापुढे कुणाच्याही वतीनं उभं राहायचं नाही, आणि त्याला मुदतच घातलेली नाही लेका! वकिलीची सनद आता जमा करायची, ती पुढं सोडवून घेता येईल. मग कलम १३५ची वीजचोरीची प्रकरणं चालवायला जिल्हा कोर्ट आहेच. आयोगापुढचं टॅरिफचं, म्हणजे वीजदराचं, काम मात्र जन्मभर बंद, आणि मला येतं काय तर तेवढंच. चेंबर सायलीला देईन म्हणतो. ती पोरगी म्हणाली, "सर, मग तुमच्यासमोर मी उभी राहिलेली चालेल का?" विचार करतोय.

हे सगळं शैलाशी बोलून झालंय. तिला जे सांगता आलं नाही ते असं.

आयोगाच्या मागच्या जनसुनावणीला निफाडचे नाना आले होते. साडेसात हॉर्सपॉवरपर्यंतच्या शेतीपंपांची वीज सरकारनं २०२४ पासून माफ केली. नानांची मोटर दहाची. "वरच्या अडीच हॉर्सपॉवरनं मी बागायतदार झालो का साहेब?" असं त्यांनी विचारलं आणि सगळा हॉल हसला. मुद्दे मीच लिहून दिलेले. हे वाक्य तेवढं त्यांचं, आणि तेच सगळ्यात चांगलं. ते बोलत होते आणि मी शेजारच्या खुर्चीत बसून हिशेब मांडत होतो: यांचा दर उतरवला तर बोजा अंबडच्या वर्कशॉपवाल्यावर जाणार की मालेगावच्या यंत्रमागवाल्यावर? क्रॉस सबसिडी, म्हणजे एकाचा दर चढवून दुसऱ्याचा उतरवणं, हळूहळू कमी करा, असं कायदाच सांगतो. सरकारला कुणाला सवलत द्यायची असेल तर पैसे आधी मोजा, हे कलम ६५. म्हणजे नानांना उत्तर एकच, मंत्रालयात जा. ते उत्तर माझ्या डोक्यात तयार होतं सुध्या, थेट ऑर्डरच्या भाषेत. परिच्छेदाला नंबर द्यायचा तेवढा राहिला होता. नाना खाली बसले आणि म्हणाले, "बरं बोललो ना वकीलसाहेब?"

२००१च्या मे महिन्यात वीज मंडळानं एन्रॉनची वीज घेणं थांबवलं, तेव्हा आपण भांडलो होतो. तू म्हणालास, "तुला नाही म्हणायची वेळ येत नाही, म्हणून तू भला माणूस." मी दिवाळीपर्यंत बोललो नाही तुझ्याशी. एन्रॉनबद्दल तू चुकलासच, ते मी अजून सोडलेलं नाही. पण तुझ्या त्या 'भला माणूस'वाल्या वाक्याचं काय करू? लोकांना वाटतं खुर्चीत गेल्यावर मला नाही म्हणणं जड जाईल. मला भीती उलटीच आहे, ते मला जमेल. आवडेलही कदाचित. वर कलम १०८ आहेच: सरकारनं जनहिताच्या धोरणाचे लेखी निर्देश दिले की आयोगानं त्यांना धरून चालायचं. त्यात धोरण किती आणि निवडणूक किती, हे ज्यानं त्यानं ओळखायचं. नानांना नाही म्हणणारा मी मंत्रालयालाही तेवढ्याच ठसक्यात नाही म्हणेन का, हे मला खरंच सांगता येत नाही.

आयोगाचं ऑफिस मुंबईत, कफ परेडला. रोज पंचवटी एक्स्प्रेसनं जाणं-येणं या वयात नाही जमणार, आणि पासवाल्यांच्या डब्यात तुझ्यामुळे एकदा मार खाता खाता वाचलोय.

तुझ्या गुडघ्याचं काय ठरलं? केतकीच्या घराचा ताबा मिळाला का? तिच्या करारनाम्याची प्रत पाठवतो म्हणाला होतास, पाठव. वहिनींना सांग लोणचं पोचलं, बरणी शैलाजवळ आहे.

गुरुवारी जायचंय. त्याआधी फोन कर, टीव्ही बंद करून कर. तू आप्पांच्या गिरणीची लाइन तोडलीस आणि त्याच संध्याकाळी दळणाचा डबा घेऊन त्यांच्याकडेच गेलास. वीजच नव्हती तर दळणार काय होते, गाढवा? पण गेलास, आणि आप्पांनी तुला बसवूनही घेतलं. आत शिरताना तू त्यांना पहिलं वाक्य काय बोललास, ते मला हवंय.

तुझा,
विन्या